कुत्रा धरा

१

सकाळच्या चहाची पहिली पळी आभाळाची. नोमुन ती पळी घेऊन दाराबाहेर आली, मीठ घातलेला दुधाळ चहा तिनं चारी दिशांना उडवला, आणि थेंब खड्यांवर पडताक्षणी गोठून पांढरे झालेले पाहून नेहमीसारखीच जराशी दचकली. वसंत लागला होता म्हणे. गोबीतला वसंत म्हणजे पहाटे हाडं फोडणारी थंडी, दुपारी अंगावरचा देल, तो लांब जाड अंगरखा, काढून फेकावा असं ऊन, आणि या दोन्हींच्या मध्ये, मनाला येईल तेव्हा, वारा.

आज वारा नव्हता. धूर सुतासारखा सरळ वर चालला होता. तेच तिला बरं वाटत नव्हतं.

"सांडणी गेली वाटतं," चिंबात मोटरसायकलला किक मारत म्हणाला. "विणार म्हटल्यावर एकांत हवा बाईसाहेबांना. लाल घळीत जाऊन बसली असणार."

"आज नको ना जाऊस. हवा बघ कशी पडलीय."

"हवा पडलीय? कॉलेजात शिकवलं का हे?"

"शिकवलंच. दाब असा एकदम उतरला की—"

"दाब माझ्या डोक्यावर आहे बाई. पिल्लू उघड्यावर पडलं तर थंडीनं कडकडून जाईल. मग तूच म्हणशील, नवरा घरात बसून चहा ढोसत होता." तो हसला. त्याचं हसणं नाकातून सुरू व्हायचं, शिंक येणार असल्यासारखं, आणि मग तोंडात उतरायचं. तिला ते फार आवडायचं. लग्नाआधी तालुक्याच्या शाळेत ती भूगोल शिकवायची, तेव्हा हाच माणूस शाळेच्या चुलीसाठी लाकडं टाकायला यायचा, आणि फळ्यावरच्या नकाशातलं वाळवंट बघून असाच हसला होता. "एवढंसं? आमचा एक उंट हरवला तरी याच्या बाहेर जाईल."

खासर कुत्रा उडी मारून मागच्या सीटवर बसला आणि मालकाच्या खांद्यावर हनुवटी टेकून मोठ्या रुबाबात निघाला. धुरळ्याची रेघ लांब गेली, बारीक झाली, संपली.

नोमुन आत आली. दाबलेल्या लोकरीच्या नमद्याचा गोल तंबू, मध्ये चूल, चुलीच्या वर छताचं लाकडी चाक आणि त्यातून दिसणारा आभाळाचा तुकडा. उत्तरेच्या भिंतीशी पाळण्यात तिची लेक सोलोंगो झोपली होती. अजून दात यायचे होते तिला.

"गेला?" सासू दुलमाबाईंनी विचारलं. डोळ्यांत मोतीबिंदू पडल्यापासून त्या माणसाकडे बघत नसत, माणसाच्या दिशेनं ऐकत.

"गेला, आई."

"येईल," दुलमाबाई म्हणाल्या, आणि जपमाळेचा मणी पुढे सरकवला.

२

इथे दारावर टकटक करायची पद्धत नाही. दाराला कुलूप नसतं. येणारा लांबूनच ओरडतो, "कुत्रा धरा!" घरात कुत्रा असो, नसो, मेलेला असो, ओरडायचं ते हेच. मग घरातलं कुणीतरी बाहेर येतं, कुत्र्याच्या मानेला मिठी मारून बसतं, आणि पाहुणा आत जातो. कोण, कुठला, कशाला आलास, हे विचारायचं नाही. आधी चहा.

नवी नवरी म्हणून आली त्या आठवड्यात नोमुन विहिरीवरून परतत होती. खासर तेव्हा तिला ओळखत नव्हता, तिला बघून तो असा काही धावला की तिच्या हातातलं पिंप पडलं आणि ती जिवाच्या आकांतानं ओरडली, "कुत्रा धरा!"

दुलमाबाई बाहेर आल्या. कुत्रा धरला. मग सगळ्या तळाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, "अगं बया! स्वतःच्या घरी येताना कुत्रा धरा म्हणतेस? पाहुणी आहेस का? घरचं माणूस मरेल पण असं ओरडायचं नाही. घरचं माणूस नुसतं खाकरतं आणि आत येतं."

शेजारी म्हणावा असा एकटा गोंचिगकाका, त्याचा तळ टेकडीपलीकडे. तो योगायोगानं तिथेच होता, आणि पुढे वर्षभर त्याला तेवढाच विनोद पुरला. "काय सूनबाई, आज घरी जायला परवानगी मिळाली का कुत्र्याची?"

फक्त सासरे हसले नव्हते. ते नेहमीप्रमाणे त्यांच्या त्या जुन्या उंटाच्या कातड्यावर बसून होते. ते कातडं सोडून दुसरीकडे बसलेले नोमुननं त्यांना कधी पाहिलं नाही, आणि त्यावर दुसरं कुणी बसलेलंही नाही. दुलमाबाई ते रोज संध्याकाळी बाहेर नेऊन वाळूनं घासत, दगडावर वाळत घालत. म्हातारपणी माणसाला धरवत नाही, नोमुननं मनाशी म्हटलं होतं, आणि कधी विषय काढला नव्हता. सासरे शांत होते, चांगले होते. मागच्या थंडीत बसल्या जागी गेले. चिंबातनं उचललं तेव्हा तो गोंधळून म्हणाला होता, "अंगात काही वजनच नव्हतं गं. कातडी पिशवी उचलावी तसं."

३

दुपारी धूर वाकला.

नोमुन दुधाचं भांडं घासत होती. चुलीतून निघणारा धूर छताच्या चाकापर्यंत गेला, तिथे थबकला, आणि परत आत उतरला. ती बाहेर गेली. वायव्येला जमिनीवर एक भिंत उभी होती. डोंगर म्हणावा तर तिथे डोंगर नव्हता. तपकिरी, खाली जवळजवळ काळी, आणि कसलाही आवाज न करता मोठी होत चाललेली.

तिला सगळं माहीत होतं. सैबेरियाकडून थंड हवा उतरते, इथली जमीन दुपारी तापलेली असते, दोघींची गाठ पडते आणि कोरडी माती उठते. पाऊस दक्षिणेच्या डोंगरांपलीकडेच सांडून जातो म्हणून इथे मुळं नाहीत, मुळं नाहीत म्हणून माती धरायला कुणी नाही. तिनं हे फळ्यावर बाणांनी काढून दाखवलं होतं. बाण निळ्या खडूचे होते.

"आई, आलं."

"दोर सोड," दुलमाबाई म्हणाल्या.

छताच्या चाकाला आतून एक जाड दोर बांधलेला असतो. एरवी तो गुंडाळून छताच्या काठ्यांत खोवून ठेवतात, त्यावर निळं रेशमी फडकं बांधतात. वादळात तो खाली सोडतात आणि जड काहीतरी त्याला बांधतात, नाहीतर वारा खालून शिरला की अख्खं घर टोपीसारखं उडतं. नोमुननं पिठाचं पोतं बांधलं, त्यावर खोगीर बांधलं, छताच्या चाकावर नमदा ओढला, दाराला आतून अडसराची मोगरी अडकवली. सोलोंगोला पाळण्यासकट उचलून पलंगाच्या आडोशाला नमद्याच्या भिंतीशी ठेवलं. तेवढ्यात उजेड गेला.

आवाज आधी आला नाही, आधी धक्का आला. मग आवाज. आगगाडीखाली झोपल्यासारखा आवाज. पोतं जमिनीवरून उचललं गेलं, हवेत तरंगलं, खाली आपटलं, आणि त्याचं पोट फाटून पीठ सगळीकडे झालं. नोमुननं दोर दोन्ही हातांनी धरला आणि ती त्याला लटकली. दुलमाबाई तिच्या कमरेला लटकल्या.

"धर! सोडलास तर पोर जाईल!"

"धरलाय, आई!"

"कॉलेजचे हात तुझे! मेणाचे!"

किती वेळ गेला ते तिला कळलं नाही. तळहाताची साल निघाली तेव्हा तिला कळलं, कारण दोर ओला लागायला लागला. चिंबात कुठे असेल, हा विचार ती येऊ देत नव्हती. घळीत असेल. घळीत आडोसा असतो. सांडणीच्या पोटाला टेकून बसला असेल. अशा वेळी शहाणा माणूस हलत नाही.

मोगरी कधी निघाली ते तिनं पाहिलं नाही. कुणीतरी खाकरलं. दार उघडलं, मिटलं, मोगरी परत जागेवर गेली, आणि तिच्या हातांच्या वर दोन हात आले आणि त्यांनी दोर धरला.

४

घर स्थिर झालं. ते इतकं एकदम झालं की नोमुन गुडघ्यावर पडली आणि रडायलाच लागली.

"चिंबात! अरे, कसा आलास? कुठून आलास?"

"चालत," तो म्हणाला.

तो नखशिखांत मातीचा होता. टोपी, कपाळ, भुवया, ओठ, सगळं एकाच रंगाचं. तो चुलीच्या पश्चिमेला आपल्या नेहमीच्या जागी बसला, दोराचा पीळ मनगटाला गुंडाळला, आणि पाय दुमडून घेतले. उंबऱ्यावर पाय पडला नव्हता. डावीकडून वळून आला होता. सगळं घरच्या रीतीप्रमाणे, जिथल्या तिथे.

"मोटरसायकल?"

"बंद पडली."

"आणि खासर?"

"मागे राहिला."

खासरला मागे टाकून? नोमुनच्या तोंडावर आलं होतं, पण अशा वेळी असं विचारतात का? माणूस जिवंत आलाय. तिनं पीठ लागलेल्या हातांनी चहा तापवला आणि वाडगा त्याच्यासमोर धरला. त्यानं एका हातानं घेतला. फुंकर न घालता, उकळता, एका दमात प्यायला. वाडगा परत केला. तिनं परत भरला. परत प्यायला.

"तोंड तरी पूस," ती म्हणाली आणि ओला फडका पुढे केला.

"राहू दे."

त्याच्या पापण्यांवर मातीचा थर होता. तो तिच्याकडे बघत होता आणि पापण्या हलत नव्हत्या. डोळ्यांत गेलीय माती, तिनं स्वतःला समजावलं. सूज आली असेल. मिटले तर उघडणार नाहीत अशी भीती वाटत असेल.

"आई, आला हो तुमचा."

दुलमाबाई त्याच्या दिशेनं ऐकत होत्या. बराच वेळ ऐकत राहिल्या. हातातली जपमाळ थांबली होती.

"आला," त्या शेवटी म्हणाल्या. "दोर नीट धरलायस ना रे?"

"धरलाय."

"मग झालं."

५

त्यानंतरच ती हाक आली.

उत्तरेकडून, भिंतीच्या पलीकडून, वाऱ्यानं फाडलेली. "कुत्रा धराऽऽ!"

नोमुनच्या हातातला वाडगा खाली पडला. कुणीतरी वाटसरू, वादळात सापडलेला. उठायला हवं, आत घ्यायला हवं, हे तिच्या डोक्यात यायच्या आधी तिची मान उत्तरेच्या भिंतीकडे वळली. तो आवाज ती ओळखत होती.

"कुत्रा धरा! गोंचिगकाका! मी आहे, दुलमाचा चिंबात! दार कुठंय तुमचं?"

ती चुलीपलीकडे पाहू शकेना. मग पाहिलं. तो होता तसाच बसला होता, दोर मनगटाला, डोळे तिच्यावर.

"ऐकलंस?" तिनं विचारलं. कुणाला विचारलं ते तिलाच ठाऊक नव्हतं.

"ऐकलं," तो म्हणाला. आवाज तोच, चिंबातचा, फक्त धाप नसलेला. "मी माझ्या घरी येताना कुत्रा धरा म्हणेन?"

"नाही," ती म्हणाली.

"गोंचिगकाकांचं घर आहे का हे?"

"नाही."

"मग?"

मग काहीच नाही. वाऱ्यात माणसाला आवाज ऐकू येतात. वाळूच्या टेकड्या गातात, हे तिनंच मुलांना सांगितलं होतं. कोरडे कण एकमेकांवर घासतात, पोकळ सूर निघतो, आणि घाबरलेलं डोकं त्याच्यात शब्द घालतं. शिवाय कुत्रा त्याच्याबरोबरच होता. बगलेत कुत्रा असलेला माणूस कुत्रा धरा म्हणून कशाला ओरडेल? तिनं हा मुद्दा दोनदा मनात घोळवला. चांगला मुद्दा होता. तिसऱ्यांदा घोळवताना तिला आठवलं की गोंचिगकाकांचे दोन कुत्रे लांडग्यासारखे आहेत, आणि त्यांच्याकडे जाताना चिंबात नेहमीच ओरडतो, खासर बरोबर असला तरी.

वाट चुकलेला माणूस. धुळीत आपलाच हात न दिसणारा. टेकडी ओलांडली असं समजून चालत राहिलेला, आणि नमद्याच्या भिंतीवर आदळलेला. त्याला कसं कळणार कुणाचं घर?

"आई," ती कुजबुजली. "आई, तुम्ही सांगा. कोण आहे?"

"माझा मुलगा घरात आहे," दुलमाबाई म्हणाल्या.

"पण तो आवाज—"

"वाऱ्याला तोंड असतं. तूच म्हणतेस ना, शास्त्र आहे म्हणून? घरचं माणूस नुसतं खाकरतं आणि आत येतं. कितीदा सांगायचं तुला?"

मग नोमुनला वास आला. दुधाचा, मिठाचा. तिनं खाली पाहिलं. तो बसला होता तिथला नमदा काळपट ओला झाला होता, आणि ओल पसरत होती. त्यातून वाफ निघत होती. तिनं दिलेला चहा त्याच्याखाली जमिनीवर होता.

दुलमाबाईंनाही वास आला असणार. त्या चाचपडत पलंगाखाली वाकल्या. तिथून त्यांनी जुनं उंटाचं कातडं बाहेर ओढलं, झटकलं, आणि सवयीच्या हातानं त्याच्याखाली सारून दिलं. तो जरासा उचलला गेला, आणि परत बसला.

नोमुननं तोंडावर हात दाबून धरला.

"त्यानं तुझ्या नवऱ्याला लहानाचं मोठं केलं," दुलमाबाई हलकेच म्हणाल्या, कुणाचंही नाव न घेता. "एकदा हात उगारला नाही. एकदा शिवी दिली नाही. आणि एवढी वादळं आली, हे घर कधी पडलं नाही."

६

भिंतीवरून हात सरकत होता.

बाहेरून नमद्याला गुंडाळलेल्या पट्ट्याच्या दोरावरून, चाचपडत, थांबत, परत सरकत. ती बसल्या जागेवरून त्याच्याबरोबर मान वळवत होती. वायव्येपासून उत्तरेपर्यंत. मध्येच ओरडणं, आता बसलेल्या घशानं. "काका... अहो काका... कुत्रा..." मध्येच खोकला. हात पलंगाच्या मागे आला. पाळण्याच्या मागे आला. आणि थांबला.

तिथे ठिगळ होतं. मागच्या शरदात उंटानं भिंत फाडली तेव्हा नोमुननं शाळेच्या जुन्या पडद्याचं कापड आत दुमडून तिथे टाका घातला होता. वाकडातिकडा, जाडजूड, शिकलेल्या बाईचा टाका. चिंबात तिला किती हसला होता. आंधळ्यालासुद्धा कळेल कुणी शिवलंय ते, म्हणाला होता.

बोटं टाक्यावरून फिरली. एकदा या टोकापासून त्या टोकापर्यंत. परत एकदा.

मग नाकातून एक आवाज आला, शिंक येणार असल्यासारखा, आणि तो तोंडात उतरला.

"नोमुन? अगं, हे आपलंच घर की गं!"

तिनं नमद्यावर तळहात टेकवला. पलीकडून त्या जागी काहीतरी टेकलं. दोघांच्या मध्ये बोटभर लोकर होती.

"इथंच आहे मी," ती म्हणाली, का फक्त ओठ हलले. "दाराकडे ये. दक्षिणेला ये. येतेय मी."

हात निघाला, आता भराभर, पूर्वेकडून वळत. नोमुन उठली. दारापर्यंत काही पावलं होती, मोगरी काढायची आणि ओढायचं, एवढंच होतं. तिनं पहिलं पाऊल टाकलं, आणि त्यानं दोर सैल सोडला.

फार नाही. मनगटाचा एक पीळ उलगडला, बस्स. छत वर गेलं. उत्तरेची भिंत जमिनीवरून उचलली गेली आणि त्या फटीतून वारा आत घुसला, चुलीतले निखारे उधळले, पाळणा कलंडला आणि फटीकडे सरकत चालला. सोलोंगो किंचाळली. नोमुननं झेप घालून पाळण्याची कड पकडली. फटीतून तिला बाहेरचं काही दिसलं नाही, तपकिरी धावणारं काहीतरी, आणि त्यात क्षणभर कुत्र्याचे चार पाय.

ती पाळणा धरून खाली बसली. दोर ताणला गेला. भिंत खाली टेकली.

ती पुन्हा अर्धी उठली. छत पुन्हा करकरलं.

तो तिच्याकडे बघत होता. रागानं नाही. एखादं जनावर धरून उभा राहिलेला माणूस, पुढं काय करायचं ते सांगा म्हणून बघतो ना, तसा.

दाराला धक्का बसला. मोगरी हलली, धरून राहिली. "नोमुन! उघड ना! हात गेलेत माझे, उघडता येत नाही मला. नोमुन? आई?"

"मी दोर धरते, आई, आपण दोघी धरू, तुम्ही—"

"माझ्या खांद्यात काय राहिलंय?" दुलमाबाई म्हणाल्या. "तुझ्या हातांचं बघ. साल सोललीय. एक दार उघडलंस तर घर जाईल. मग बाहेर चौघं असू आपण. ही तान्ही किती टिकेल?"

"तो तुमचा मुलगा आहे!"

दुलमाबाईंच्या मिटत आलेल्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि त्या पाण्याला जुमानत नव्हत्या. "मीही अशीच बसले होते. चिंबातला कुशीत घेऊन. तोच रडत होता तेव्हा, याच जागी." त्यांनी नाक पुसलं. "बाहेरचा तेव्हा माझ्या नावानं हाका मारत होता. चांगला माणूस होता. सकाळपर्यंत मारत नाहीत गं. लवकर थांबतात."

दार वाजत राहिलं. मग हातांनी नाही, खांद्यानं. मग खांद्यानंही नाही.

"चहा ओत त्याला," दुलमाबाई म्हणाल्या. "पाळणा माझ्याकडे दे, आणि चहा ओत."

नोमुननं चहा ओतला. एक थेंबही बाहेर सांडला नाही.

७

दुसऱ्या दिवशी आभाळ असं निळं होतं की बघवत नव्हतं. अशा वादळांनंतर गोबीची माती देश ओलांडून पार समुद्रापर्यंत जाते आणि तिकडची माणसं तोंडाला फडकी बांधून फिरतात, हे तिनं वर्गात शिकवलं होतं. इथे मात्र सगळं धुतल्यासारखं स्वच्छ.

दारात कुणी नव्हतं. दारापासून घराच्या कडेनं, परत उत्तरेकडे, मातीत कुणी ओढत गेल्यासारखी खूण होती. कदाचित भिंतीचा आडोसा शोधत गेला असेल. कदाचित ठिगळ शोधत.

मागच्या भिंतीशी मातीचा लांबट उंचवटा साचला होता, झोपलेल्या उंटाएवढा. खासर त्यावर बसला होता. त्याच्या डोळ्यांभोवती माती सुकून कडक झाली होती. तिला बघून त्यानं शेपटी हलवली नाही.

उंचवट्याच्या कडेला देलच्या बाहीचं टोक दिसत होतं. बाहीला तिनंच शिवलेली मेंढीच्या कातड्याची पट्टी. घरातून सोलोंगोचा आवाज येत होता. ती पोट भरल्यासारखी गुरगुरत होती, आणि कुणीतरी तिला खेळवत होतं.

नोमुननं बुटाच्या टोकानं माती ओढली आणि बाहीवर लोटली.

"आजच तळ हलवू," दुलमाबाई दारातून म्हणाल्या. त्यांच्या हातात कातडं होतं, वाळत घालायला आणलेलं. "जागा बिघडली. सांडणीला पिल्लू झालंय म्हणाला, घळीत आहेत दोघं. जाताना घेऊ."

"त्याला कसं माहीत?"

"नेहमी माहीत असतं," दुलमाबाई म्हणाल्या. त्यांनी कातडं नोमुनच्या हातात दिलं. "तू घाल आता. माझ्यानं वाकवत नाही."

टेकडीवर एक उंटस्वार दिसला. गोंचिगकाका, त्याची बसण्याची ढब लांबूनही कळायची. वादळानंतर शेजाऱ्यांची विचारपूस करायला निघाला असणार.

"कुत्रा धराऽऽ!" तो ओरडला. "ओ सूनबाई! कुत्रा धरा, नाहीतर घरात जायची परवानगी काढा!"

खासर उठला. गोंचिगकाकांकडे त्यानं पाहिलंही नाही. घराला वळसा घालून तो दाराकडे निघाला, मान खाली, मानेवरचे केस उभे, आणि त्याच्या छातीतून असा आवाज येत होता जो नोमुननं कधी ऐकला नव्हता.

ती धावली. दारासमोर गुडघ्यावर बसून तिनं दोन्ही हात त्याच्या गळ्याभोवती टाकले. तळहाताच्या जखमा त्याच्या केसांतल्या मातीनं झोंबल्या.

गोंचिगकाका उंटावरून उतरला, तिच्या डोक्यावर थोपटून आत गेला. "जिवंत आहात ना रे सगळे? अरे चिंबात! तोंड धुवायला पाणी नाही का घरात? बायको काय करते?"

"या काका," आतून आवाज आला. "बसा. चहा घ्या."

"घेतो, घेतो. अगं नोमुन, सोड आता त्याला! काही करत नाही तो. मला ओळखतो की!"

खासर दाराकडे ओढत होता. सगळं बळ लावून, घशातून घुसमटत. त्याच्या अंगाला तो वास होता, पेट्रोलचा, लाकडांचा, मालकाच्या खांद्याचा. नोमुननं त्यात तोंड खुपसलं, डोळे मिटले, आणि कुत्रा धरून ठेवला.